शेवटची मुलगी येईपर्यंत

माझ्या धाकट्या आत्याच्या गळ्यात मी कधी दागिना पाहिला नाही. स्टॉपवॉच पाहिलं. ती मुलींच्या शाळेत बत्तीस वर्षं पीटीची बाई होती. मुलींनी तिला शिट्टीबाई हे नाव ठेवलं, ते त्यांच्या आयांपर्यंत पोचलं, मग दुकानदारांपर्यंत, आणि शेवटी पोस्टमनसुद्धा दारात उभा राहून "शिट्टीबाईंचं पत्र" अशी हाक मारायला लागला. निवृत्त झाली त्या दिवशी शिट्टी तिने परत केली, कारण ती शाळेची होती. घड्याळ तिचं स्वतःचं होतं, ते गळ्यातच राहिलं. अंडं उकडताना, दवाखान्याच्या बाकावर थांबताना, कोणी "दोन मिनिटांत फोन करतो" म्हटलं की तिचा अंगठा बटणावर जायचा.

"सतरा मिनिटं चाळीस सेकंद," फोन उचलल्या उचलल्या ती म्हणायची. "दोन म्हणाला होतास."

तिच्याबरोबर राहते तिची थोरली बहीण, माझी मोठी आत्या. दोघींत सहा वर्षांचं अंतर. त्यांची आई लवकर गेली, तेव्हा मोठीने शाळा सोडली आणि समोरच्या बाइंडिंगच्या दुकानात फर्मे शिवायला बसली. फर्मा म्हणजे छापून घडी घातलेल्या पानांचा जुडगा. असे दहा-बारा फर्मे एकमेकांना दोऱ्याने शिवले की पुस्तक होतं. धाकटी पळायची, उड्या मारायची, बक्षिसं आणायची, पुढे पीटीचा कोर्स करायला गेली. हे सगळं मोठीच्या सुई-दोऱ्यावर झालं. याबद्दल घरात कोणी बोलत नाही. फक्त धाकटीने जन्मभर सगळ्या जगाला शिट्टी मारून उभं केलं, आणि मोठी खोलीत आली की मात्र ती स्वतः उभी राहते.

त्यांच्या दोन खोल्या तळमजल्यावर आहेत. स्वयंपाकघराच्या खिडकीतून मोठा रस्ता दिसतो आणि रस्त्यापलीकडे दुकानाची काच. काचेमागे पाठीला उशी बांधलेली एक लाकडी खुर्ची. अठ्ठावन्न वर्षं धाकटी चहा ढवळता ढवळता त्या खुर्चीकडे बघायची. मोठी मान वर न करता डावा हात हलवायची. धाकटी बघतेय हे तिला कसं कळायचं, ते आम्हाला कधी कळलं नाही.

गेल्या वर्षी मोठी न्हाणीघरात घसरली. खुब्याचं हाड मोडलं. ऑपरेशन झालं, पट्टी बसवली, स्क्रू बसवले, मग अंथरूण आणि मग वॉकर. तीन महिने खुर्ची रिकामी राहिली. धाकटी चहा ढवळताना भिंतीकडे तोंड करून उभी राहायला लागली.

मग एके दिवशी दुकानाचे मालक भेटायला आले. मालक म्हणजे आताचे. यांच्या वडिलांनी मोठीला कामावर घेतलं होतं आणि यांना तिने मांडीवर झोपवून वह्या शिवल्या होत्या.

"मावशी, तुमची खुर्ची मी अडवून ठेवलीय," ते वॉकरकडे न बघता म्हणाले. "पण शाळांचं काम आलंय. एक तारखेपर्यंत जमलं तर बघा. नाहीतर मला माणूस बसवावा लागेल."

"बसव की. माझ्या खुर्चीत नको."

"दुकानात खुर्च्याच दोन आहेत हो."

"मग एक तारखेला मी येते," मोठी म्हणाली. "आणि सुया कुणाला हात लावू देऊ नकोस."

एक तारखेला सहा आठवडे होते. मधे होता फक्त रस्ता.

रस्ता सतरा मीटर रुंद आहे. पायी ओलांडणाऱ्यांसाठी सिग्नल आहे, खांबावर हिरवा माणूस पेटतो. धाकटीने बाहेर जाऊन मोजलं. हिरवा माणूस चौदा सेकंद पेटतो. त्याच संध्याकाळी तिने इमारतीच्या मागच्या अंगणात चुन्याने दोन रेघा मारल्या, मधे बरोबर सतरा मीटर, आणि मोठीला एका रेघेवर उभं केलं.

"ताई, नजर समोर. पायाकडे बघायचं नाही."

"पायाकडे बघितलं नाही म्हणूनच पडले ना गं."

"तयार?"

"शिट्टे, माझ्या अंगावर ओरडू नकोस. मी तुझी वेणी घातलेली आहे."

पहिल्या दिवशी एकतीस सेकंद लागले. दोन आठवड्यांत सत्तावीस, मग चोवीस. धाकटीने भिंतीवर तक्ता लावला. तिच्या डोळ्यांत आंतरशालेय स्पर्धांच्या दिवसांतली चमक आली. एका सकाळी मोठीने एकवीस पॉइंट तीन लावले आणि पायरीवर बसली ती पाच मिनिटं नुसती धापा टाकत होती. ओठ पांढरे पडले होते.

"अजून सातच!" धाकटी म्हणाली.

तिचं चुकत होतं, पण ते तेव्हा आम्हाला कोणालाच दिसलं नाही. बत्तीस वर्षांत घड्याळ आणि माणूस यांचं जेव्हा जेव्हा जुळलं नाही, तेव्हा तिने माणसाला पळवलं होतं. घड्याळावर संशय घ्यायची तिला सवयच नव्हती.

मी इलेक्ट्रॉनिक्सचा डिप्लोमा केलाय आणि विजेचे मीटर तपासायच्या कंपनीत नोकरी करते. धाकटी मला "इंजिनिअर" म्हणते, तिच्या तोंडी ती पदवीही असते आणि टोमणाही. त्या शनिवारी तिने मला शूटिंगला बोलावलं. "ताई आज खऱ्या रस्त्यावर उतरतेय. पाऊल कसं पडतं ते मला नंतर बघायचंय."

हिरवा माणूस पेटला, मोठी निघाली. वॉकर पुढे, पाऊल, पाऊल, वॉकर पुढे. धाकटी फुटपाथवरून मोजत होती. अकरा, बारा, तेरा. रस्त्याच्या मध्यावरच्या पांढऱ्या पट्ट्यावर मोठी पोचली आणि हिरवा माणूस विझला. दोन्ही बाजूंनी गाड्या सुटल्या. एक बस तिच्या पाठीमागून इतक्या जवळून गेली की पदर उडाला. समोरचा ट्रक थांबला, ड्रायव्हरने खिडकीतून डोकं काढलं.

"आजी, मरायचंय का? घरी बसा!"

"घरीच होते तीन महिने!" मोठी तिथूनच ओरडली. "कंटाळा आला!"

ती पुढच्या हिरव्यापर्यंत त्या पट्ट्यावर उभी राहिली. एक मिनिट पन्नास सेकंद. मग पुढे दुकानाकडे न जाता वळून परत आली, कारण हात इतके थरथरत होते की सुईत दोरा गेला नसता. हे तिने स्वतः सांगितलं.

आता माझी चूक सांगते. मला संताप आला होता आणि हातात व्हिडिओ होता. मी त्याला मागे रडकं संगीत लावलं, "एका आजीची लढाई" असं शीर्षक दिलं आणि इंटरनेटवर टाकला. दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत चाळीस हजार लोकांनी पाहिला. मी नाचत नाचत फोन घेऊन आत्यांकडे गेले. मोठीने चष्मा लावला आणि प्रतिक्रिया एकेक करून मोठ्याने वाचल्या.

"'बिचारी.' 'डोळ्यांत पाणी आलं.' 'हिची मुलं कुठे आहेत, लाज वाटत नाही का त्यांना?'" तिने चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं. "मुलं मला नाहीतच. कोणाला लाज वाटायची? 'अशा लोकांसाठी आश्रम असतात.' 'बिचारी.' पुन्हा 'बिचारी.' हात जोडलेले. रडणारं तोंड." तिने फोन माझ्या हातात ठेवला. "चाळीस हजार माणसं रडली, इंजिनिअर. त्यातला एक तरी रस्त्यावर आला का?"

"पण आत्या, लोकांपर्यंत पोचलं तरी..."

"काय पोचलं? मी बिचारी आहे हे? काढून टाक."

मी काढून टाकलं. धाकटी मला झापणार म्हणून मी मान खाली घालून उभी होते, तर मोठी तिच्याकडे वळली.

"आणि तू. उद्यापासून अंगण बंद. माझे पाय सुधारायचे झाले तेवढे झाले. आता त्या खांबाला सुधार."

"ताई, अजून तीन आठवडे आहेत. तू एकवीसवर आलीस, मी तुला—"

"एकवीसला मी माझी राहत नाही. माझा श्वास माझा राहत नाही. रोज सकाळी असं धापा टाकत कामाला जायचं आणि संध्याकाळी धापा टाकत परत? कशासाठी? त्या बत्तीला घाई आहे म्हणून?"

धाकटी भिंतीपाशी गेली. मग तिने भिंतीवरचा तक्ता काढला, उलटा केला आणि कोऱ्या बाजूवर लिहिलं: रस्ता सतरा मीटर, सिग्नल चौदा सेकंद.

आधी तिने वाहतूक कार्यालयाला पत्र लिहिलं. उत्तर आठ दिवसांत आलं, एवढं खरंच चांगलं. ठरलेल्या मापाप्रमाणे माणूस एका सेकंदाला एक पूर्णांक पंचवीस शतांश मीटर चालतो, सबब चौदा सेकंद पुरेसे आहेत.

"कोणता माणूस?" धाकटीने पत्र उलटसुलट करून पाहिलं. "त्याला माझ्यासमोर आणा. त्याची वेळ घेते."

तिथून इंटरनेटवर आमचं पान सुरू झालं. नाव तिनेच दिलं: "चौदा सेकंद." मी संगीत, रंग, झळाळती अक्षरं सुचवली, तिने डोळे वटारले. चेहरे दाखवायचे नाहीत, रडकं काही नाही, विनवणी नाही. शाळेत क्रीडा-निकाल फळ्यावर लावायची, तसा रोजचा निकाल, पानावर आणि सिग्नलखाली ठेवलेल्या फळ्यावर. पहिला असा होता:

"आजचा निकाल. वय ७४. वॉकर. वेळ २४.२ सेकंद. सिग्नलने दिलेली वेळ १४. नापास कोण, ते तुम्ही ठरवा."

आणि खाली एक ओळ: "आम्हाला तुमचं लाइक नको. टाइमकीपर हवेत. रोज सकाळी साडेनऊ, सिग्नलखाली. घड्याळ स्वतःचं आणा."

यामागे तिचा नियम होता. हाताने वेळ घ्यायची तर एका घड्याळावर विश्वास ठेवायचा नाही. तीन माणसांनी तीन घड्याळं धरायची, तिन्ही वेळा वेगळ्या आल्या तर मधली खरी. तिच्या मैदानावर असं बत्तीस वर्षं चाललं. मी म्हटलं, आत्या, मी व्हिडिओवरून सेकंदाचा शंभरावा भाग काढून देते, माणसं कशाला? ती म्हणाली, "तुझा आकडा बरोबर असेल. पण ज्याने स्वतः बटण दाबलं, तो घरी जाऊन सांगतो. ज्याने नुसतं बघितलं, तो पुढचं बघतो."

पहिल्या दिवशी आम्ही दोघीच. दुसऱ्या दिवशी औषधाच्या दुकानातली बाई आली, तेव्हा तीन घड्याळं झाली. पानावर एकसष्ट जण होते, बहुतेक तिच्या जुन्या विद्यार्थिनी.

"बाई! तुम्ही ऑनलाइन?" एकीने लिहिलं.

"हो. पाठ सरळ ठेवून टाइप कर," धाकटीने उत्तर दिलं, आणि त्याला दोनशे हसरी तोंडं मिळाली. त्या मुलींनी आपापल्या बॅचच्या ग्रुपवर ते फिरवलं. चौथ्या दिवशी त्यातली एक स्वतः आली. शाळेची शंभर मीटरची विक्रमवीर, आता आठवा महिना, एका हातात थोरल्याचं बोट. सतरा पॉइंट सहा. तिने फळ्यावर आपला आकडा स्वतःच्या हाताने लिहिला आणि खाली कंसात "शाळेत असताना १३.१, तेही शंभर मीटरला" असं घालून टाळ्या घेतल्या.

निकाल वाढत गेले. काठी, बावीस पॉइंट आठ. जुळ्यांची गाडी, सोळा. पायाला प्लास्टर, एकोणतीस. एका आंधळ्या पियानो मास्तरांनी एकोणीस पॉइंट चार लावले आणि विचारलं, "हिरवा माणूस दिसायला कसा आहे हो? बारीक असणार. एवढी घाई म्हणजे."

एकाने पानावर लिहिलं: "एवढा त्रास होतो तर घरी बसा. आम्हाला कामं असतात." खाली भांडण पेटलं. धाकटीने सगळ्यांना गप्प केलं आणि त्याला एवढंच लिहिलं: "तुमची वेळ मोजून मिळेल. उद्या साडेनऊ."

तो आला! रोज व्यायामशाळेत जाणारा, दंड शर्टात न मावणारा. छाती काढून चालला. नऊ पॉइंट नऊ.

"उत्तम," धाकटी म्हणाली आणि ती हे मनापासून म्हणाली, चांगली चाल तिला आवडते. "घरी कोण असतं?"

"आई."

"उद्या आईला आण."

तो हसला, खांदे उडवले, पण दुसऱ्या दिवशी आईला घेऊन आला. त्याने स्वतः घड्याळ धरलं. आई अजून रस्त्यातच होती तेव्हा चौदा सेकंद झाले, आणि मी पाहिलं, त्याचा अंगठा बटणावर होता तरी पाय रस्त्यात उतरला होता. वीस पॉइंट एक. आई पलीकडून ओरडली, "मी रोज अशीच जाते रे, तुला काय वाटलं, उडत जाते?" त्या दिवसापासून माझ्याऐवजी तिसरं घड्याळ त्याचं. आम्ही त्याला जिमवाला म्हणायला लागलो.

महिनाअखेरीला पानावर चार हजार माणसं होती आणि फळ्यावर एकशे बारा निकाल. वाहतूक कार्यालयाने पाहणी ठरवली. साहेब आले, सोबत एक मदतनीस. साहेब वाईट माणूस नव्हता. त्याने धाकटीला "मॅडम" म्हटलं, मोठीसाठी औषधाच्या दुकानातून स्टूल मागवलं. त्यांनी तासभर शंभर माणसं मोजली. मोठीही त्यात चालली. मग साहेबाने कागद दाखवला.

"सरासरी बारा पॉइंट नऊ. म्हणजे चौदा पुरेसे आहेत, मॅडम. नियमात बसतं."

मी कागद पाहिला. "यात नव्व्याण्णव आकडे आहेत. मोठ्या आत्याचा कुठेय?"

"अपवाद म्हणून वगळला. एका आकड्याने सरासरी बिघडते."

मोठी स्टुलावरून उठली. उठायला तिला वेळ लागतो.

"अपवाद?" ती म्हणाली. "समोर ती खुर्ची दिसते? तिच्यात मी अठ्ठावन्न वर्षं बसतेय. हा खांब आला बारा वर्षांपूर्वी. अपवाद तो आहे."

"आजी, माझ्या हातात असतं तर... उड्डाणपुलाचा प्रस्ताव आहे. दोन वर्षांत—"

"पायऱ्या किती?"

साहेबाने मदतनिसाकडे पाहिलं. मदतनीस हळूच म्हणाला, "सेहेचाळीस."

"मग पंखच लावून द्या ना."

लोक हसले. धाकटी हसली नाही. ती गळ्यातलं घड्याळ मुठीत धरून साहेबाच्या अगदी समोर गेली, आणि मी तिचा तो आवाज लहानपणानंतर प्रथमच ऐकला, जो न ओरडता मैदानाच्या टोकापर्यंत जायचा.

"साहेब, मी बत्तीस वर्षं शर्यती लावल्या. पहिल्या तिघींना बक्षीस देतात, बरोबर आहे. पण शेवटची मुलगी येईपर्यंत मी कधी दोरी गुंडाळली नाही. पाऊस आला तरी नाही, पाहुणे कंटाळले तरी नाही. एकदा आमच्या हेडबाई म्हणाल्या, किती वेळ, बाकीच्या सगळ्या आल्यात की. मी म्हटलं, मग शर्यत संपली नाही. तुम्ही सरासरीची दोरी गुंडाळताय. माझी बहीण अजून रस्त्यात आहे."

"मी वरती कळवतो, मॅडम," साहेब म्हणाला. त्याने खरंच कळवलं असेल. पण तो होता सत्तावीस तारखेचा दिवस.

मी पेटीकडे बघत उभी होते. खांबाच्या बुडाशी करड्या रंगाची लोखंडी पेटी असते, तिच्यात टायमर. अशा पेट्या मी ओळखते. चावी लावायची, एक आकडा बदलायचा, पेटी बंद करायची. दहा मिनिटांचं काम. एवढ्यासाठी एक बाई घरी बसणार होती.

त्या संध्याकाळी धाकटीने मला पोस्ट सांगितली आणि मी जशीच्या तशी टाकली:

"एक तारीख, सकाळी पावणेदहा. माझी बहीण कामाला जाणार आहे. तुम्हाला त्याच वेळी रस्ता ओलांडायचा असेल तर या. नियम तीन. हिरवा पेटल्यावरच पाय टाकायचा. कोणी तिला हात द्यायचा नाही, तिला चालता येतं. कोणी तिच्या पुढे जायचं नाही."

एक तारखेला मी साडेनऊलाच तिथे गेले. वीस-पंचवीस माणसं. चार हजारांतली वीस. धाकटी घड्याळं वाटत होती. मग बस थांबली आणि तिच्या जुन्या बॅचच्या नऊ जणी उतरल्या. प्लास्टरवाला आला. पियानो मास्तर आले. जिमवाला आईला आणि आईच्या सगळ्या मैत्रिणींना घेऊन आला. पावणेदहाला फुटपाथवर पाय ठेवायला जागा नव्हती. मी दीडशेपर्यंत मोजले आणि मग मोजणं सोडून दिलं.

मोठी दारातून बाहेर आली. इस्त्रीची साडी, वॉकरच्या दांड्याला अडकवलेली पिशवी, त्यात डबा आणि शिवताना अंगठ्यात घालायचं टोपण. गर्दी पाहून ती थबकली.

"एवढे सगळे कामाला चाललेत?"

"हो, ताई."

"बरं. मग वाट अडवू नका म्हणावं."

हिरवा माणूस पेटला. ती निघाली आणि तिच्या दोन्ही बाजूंनी, मागे, सगळा फुटपाथ निघाला. इतक्या माणसांना इतकं हळू चालताना मी कधी पाहिलं नव्हतं. विक्रमवीर पोट धरून पाऊल आवरत होती. जिमवाल्याला ते सगळ्यात जड जात होतं, तो एक पाऊल टाकायचा आणि एका पायावर थांबायचा. आवाज फक्त वॉकरच्या रबरी बुचांचा. चौदाव्या सेकंदाला हिरवा माणूस विझला. गाड्यांनी हॉर्न सुरू केले, एक, दहा, सगळा रस्ता. कोणी पळालं नाही. मोठीने मान वर केली नाही. वॉकर पुढे, पाऊल, पाऊल.

चौकातला पोलीस पळत आला. त्याने आमच्याकडे पाहिलं, गाड्यांकडे पाहिलं, मग गाड्यांकडे तोंड करून हात वर केला. पुढे तो सांगत होता की दीडशे माणसांना मागे ढकलण्यापेक्षा ते सोपं होतं.

"चोवीस पॉइंट पाच," धाकटी पलीकडून म्हणाली. "चोवीस चार," जिमवाला. "चोवीस सहा," औषधवाली बाई.

"मधली. चोवीस पॉइंट पाच."

मालक दुकानाच्या दारात उभे होते, त्यांनी काचेचं दार उघडून धरलं. मोठी आत गेली, खुर्चीवरची उशी झटकली, बसली आणि पहिला फर्मा ओढला.

"मावशी, दोन मिनिटं उशीर झाला," मालक म्हणाले. डोळे पुसत म्हणाले, पण म्हणाले.

"खांबाच्या पगारातून काप," मोठी म्हणाली.

पुढचे बारा दिवस हेच चाललं. सकाळी पावणेदहा, संध्याकाळी सहा. कधी साठ माणसं, कधी अकरा. एका पावसाच्या संध्याकाळी तिघीच होत्या, तरी पोलिसाने हात वर केला. निकाल रोज फळ्यावर गेला, कोणी आलं नाही तरी. तेराव्या दिवशी करडी पेटी उघडी दिसली. मदतनीस आत डोकं घालून बसला होता. मी घड्याळ लावलं. नऊ मिनिटं.

पत्रही आलं. "नागरिकांच्या भावना लक्षात घेऊन वेळ बावीस सेकंद करण्यात येत आहे."

"भावना?" धाकटीने पत्र टेबलावर आपटलं. "मी त्यांना आकडे दिले होते."

तरी ती खूश होती. चौदाचे बावीस झाले होते. आम्ही तिघी स्वयंपाकघरात चहा पीत बसलो होतो, पान अभिनंदनांनी भरून वाहत होतं. मग मला दिसलं की धाकटीची नजर भिंतीवर गेलीय, जिथे तो तक्ता असायचा. ती मनात वजाबाकी करत होती. हात घड्याळावर गेला.

"ताई," ती जपून म्हणाली. "तू अंगणात एकवीस तीन लावलं होतंस."

"लावलं होतं."

"म्हणजे बावीसमध्ये तू बसतेस. थोडा सराव केला तर. रोज दहा मिनिटं."

मोठीने कप खाली ठेवला.

"एकवीसमध्ये पोचते ती तुझी विद्यार्थिनी," ती म्हणाली. "चोविसात पोचते ती मी. मी चोवीसच लावणार."

"पण मग रोज दोन-अडीच सेकंद तू लाल बत्तीत—"

"आणि प्लास्टरवाल्याला एकोणतीस लागतात. शेवटची मुलगी कोण, हे तुला मी सांगू का?"

धाकटीने आपला कप बाजूला सारला. मग बत्तीस वर्षं ज्या हाताने तिने बटण दाबलं, त्याच हाताने घड्याळ गळ्यातून काढलं आणि मोठीच्या कपाशेजारी ठेवलं. क्षणभरच. लगेच पुन्हा उचलून गळ्यात घातलं, कारण कामाला ते लागणार होतं.

"इंजिनिअर," ती म्हणाली, "लिही."

मी फोन उघडला.

"आजचा निकाल. वय ७४. वॉकर. वेळ २४.५ सेकंद. सिग्नलने दिलेली वेळ २२. अजून नापास. उद्या सकाळी पावणेदहा. घड्याळ स्वतःचं आणा."